जामीनदाराची सही

आमगावच्या शाळेत मी तीस वर्षं इंग्रजी शिकवलं. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढच्या मूर्खपणाची लाज त्यामुळेच दुप्पट होते.

माझ्या एका जुन्या मित्राची राइस मिल आहे. तिच्या कर्जाला मी जामीन राहिलो आणि आमचं घर तारण दिलं. हप्ते थकले तेव्हा बँकेने जप्तीची नोटीस मिलच्या दाराला चिकटवली. मित्राने नागपूरच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात बँकेविरुद्ध अर्ज केला. मिल वाचली की आपलं घरही वाचलं, असं मी धरून चाललो होतो.

सुनावणीच्या आठवडाभर आधी तो घरी आला आणि दोन पानांचं इंग्रजी प्रतिज्ञापत्र त्याने माझ्यापुढे ठेवलं. मी चष्म्यासाठी खिसा चाचपला.

"वाचून काऊन राहिले जी मास्तर?" तो म्हणाला. "माह्यावर भरोसा नाही का?"

आमच्याकडे ओळखीच्या माणसासमोर त्याचाच कागद वाचत बसणं म्हणजे त्याला चोर म्हणणं. बायको स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाली, वाचून तर घ्या. मला तिचाच राग आला. दोन्ही पानांवर सही ठोकली आणि तो गेल्यावर, पाहुण्यासमोर असं बोलतात का, म्हणून तिलाच सुनावलं.

सुनावणीला आम्ही दोघं सोबतच गेलो. त्याचा वकील उभा राहिला. मिल चालली तरच कर्ज फिटेल, म्हणाला, तेव्हा तिला हात लावू नये. बँकेने आधी जामीनदाराच्या घराचा लिलाव करावा. जामीनदार इंग्रजीचे निवृत्त शिक्षक आहेत, त्यांची हरकत नाही, हे त्यांचं प्रतिज्ञापत्र.

मी शेजारी बसलेल्या मित्राकडे पाहिलं. तो छताच्या पंख्याकडे बघत होता. सकाळी गाडीत याच माणसाने माझ्या डब्यातल्या दोन पोळ्या खाल्ल्या होत्या. वकील पुढे काय बोलला ते मला आठवत नाही.

न्यायाधीशाच्या खुर्चीतल्या साहेबांनी मला उभं केलं आणि सही माझीच का, ते विचारलं. मी होकार दिला. मग त्यांनी पेन खाली ठेवला.

"वाचून, समजून केलीत?"

फक्त नाही म्हणायचं होतं. तेवढ्यासाठीच तर ते थांबले होते. पण सगळी खोली इंग्रजीच्या मास्तरकडे बघत होती.

"हो," मी म्हणालो.

तो आवाज माझा होता, यावर माझा अजून विश्वास बसत नाही. साहेबांनी ते लिहून घेतलं.

घरी आल्यावर बायकोला सगळं सांगितलं, तो होकारही. ती भांडेल, रडेल असं वाटलं होतं. तिने माझ्या पिशवीतून सुनावणीत मिळालेली त्या प्रतिज्ञापत्राची प्रत काढली, चष्मा माझ्या हातात दिला आणि समोर बसली.

"आता त वाचा," ती म्हणाली. "मले मराठीत सांगा."

पहिल्याच मुद्द्यात आमच्या घराचा नंबर होता. त्याच्या पुढचा शब्द मी दरवर्षी पाचवीच्या पोरांना फळ्यावर अर्थासकट लिहून दिला होता. विकणे.