पुढचं माप

मला दोन मुलगे आहेत, मुलगी नाही. तरी काही वर्षं माझ्या फोनवर एका मुलीची विचारपूस होत असे. 'तुमची लेक मोठी होतेय, जुने फ्रॉक आखूड झाले असतील,' असा निरोप यायचा आणि खाली रंगीत फ्रॉकांची रांग. मी नांदेडला वाणिज्य शिकवायचो. ग्राहकाचं वर्तन हे प्रकरण चालू असताना खिशात फोन थरथरायचा, आणि तास संपल्यावर बघावं तर तीच मुलगी. खरेदीचं अ‍ॅप कुणालाही काहीही दाखवतं, असं म्हणून मी ते बोटानं बाजूला सारायचो.

मग ध्यानात आलं की खातं माझं असलं तरी खरेदी लातुरातून होते आहे. आक्का करत होती.

आक्का माझी थोरली बहीण. आमच्या वडिलांचं औश्याला कापडाचं दुकान होतं. तिला किल्लारीच्या बाजूच्या एका गावात दिली होती. दाजी तिथं शाळेवर होते, आणि त्यांना एकच मुलगी, तिसरीतली. भूकंप झाला त्या वर्षी आई आजारी म्हणून आक्का माहेरी आली होती. मुलगी मात्र गणपतीचं विसर्जन बघायचं म्हणून हटून बसली आणि बापाजवळ राहिली. पहाटे आमच्या घराच्या भिंतीला तडा गेला. उजाडल्यावर बातम्या येऊ लागल्या आणि वडील आक्काला घेऊन निघाले. त्यांना गावात शिरता आलं तोवर चिता पेटवून झाल्या होत्या, एकेका चितेवर कितीतरी माणसं. दोघांचेही देह सापडले होते, असं शेजारच्या एका म्हाताऱ्यानं सांगितलं. आक्काला काहीच बघायला मिळालं नाही.

"मी तोंड बघितलं न्हाई तिचं," एवढंच ती त्या वर्षी बोलायची. पुढं तेही बोलेनाशी झाली. मुलीचं नाव आमच्या घरात कुणी घेईनासं झालं, आणि न घेता घेता ते नाव जणू घरातून निघूनच गेलं.

त्या दिवसांतली दुकानातली एक गोष्ट मला आठवते. किल्लारीकडच्या गावांतल्या बायका कापडाला आल्या की वडील काही न बोलता लहान मुलांच्या कपड्यांचा ढीग गादीवरून मागं ओढायचे. त्यांना हे कुणी शिकवलं नव्हतं. समोरचा कासारही बायकांना आधी विचारायचा आणि मगच बांगड्यांचा डबा उघडायचा. कुणाच्या घरात काय झालंय, हे तेव्हा बाजाराला ठाऊक असायचं.

वडिलांनी आक्काला लातुरात लहानसं घर घेऊन दिलं. पुढं क्लासचं वारं आलं. गल्लीतल्या प्रत्येकानं घरावर मजला चढवला, तसा आक्कानंही चढवला आणि शिकायला आलेल्या मुली राहायला ठेवल्या. मुखेडच्या, देगलूरच्या, उदगीरच्या, लोह्याच्या. डॉक्टर व्हायला आलेल्या त्या मुलींना ती दोन वेळचं जेवण करून घालायची. मी तिला फोन घेऊन दिला तो याच काळात. ओटीपीचा घोळ तिला जमेना, म्हणून खातं माझ्याच नंबरवर उघडलं आणि पत्ता तिचा टाकला. ती डब्यांची झाकणं मागवायची, मुलींच्या गाद्यांना चादरी मागवायची. त्यात एक दिवस फ्रॉक निघाला.

मी फोनवर विचारलं, कुणासाठी? पोरीसाठी, म्हणाली. मला वाटलं, मेसमधल्या कुणाची धाकटी बहीण असेल.

दिवाळीत गेलो तेव्हा तिनं कपाट उघडून दाखवलं. वरच्या खणात तिच्या साड्या आणि खालच्यात तो फ्रॉक, शेजारी पांढरे मोजे.

"दुकानानं विचारलं, घरात लेकरू हाय का, किती वर्षांचं," ती म्हणाली. "मी सांगितलं. नाव इचारलं, तेबी सांगितलं."

पोरीसाठी म्हणजे तिच्याच पोरीसाठी, हे तेव्हा मला कळलं. लेकीचे कपडे आवरणाऱ्या आईसारखी शांत होती ती, खणातली घडी हातानं सारखी करत होती.

तेव्हापासून मी ते निरोप बाजूला सारायचं सोडलं. वाचू लागलो. वर्गात जे शिकवायचो तेच माझ्या हातात चाललं होतं. आज आठ वर्षांच्या मुलीचा फ्रॉक घेणाऱ्याला पुढच्या वर्षी नऊ वर्षांचा लागणार, हे सांगायला फार अक्कल लागत नाही. माणूस आपल्या मनानं घेतो असं त्याला वाटतं, पण समोर मांडलेलंच तो घेतो, आणि मांडणाऱ्याला पुढचं तेवढं दिसत असतं. मेलेलं माणूस त्या दुकानाला कळत नव्हतं. पुढचं माप कळत होतं. फ्रॉक गेले आणि पंजाबी ड्रेस आले. चपलेचा नंबर वाढला. दप्तर आलं, कंपास आला, मग एका वर्षी बायकांना लागणाऱ्या वस्तू दिसू लागल्या आणि नांदेडच्या स्टाफरूममध्ये बसल्या बसल्या मी फोन टेबलावर पालथा ठेवला. आमची भाची वयात आली होती.

आक्का स्वतःहून काही शोधायची नाही. दुकान दाखवील ते घ्यायची. एकदा मी तिला विचारायचा प्रयत्न केला. ती म्हणाली, मला ती तिसरीतलीच दिसायची, त्याच्या पुढं काही यायचंच न्हाई डोळ्यापुढं. आता दर साली थोडी थोडी कळून राहिली.

खाती उडवता येतात. तेही मनात आलं होतं. माझी बायको म्हणाली, आक्का दोन घास नीट जेवतात, कामाला लागतात, तुम्ही कशाला हात घालता. म्हणून राहू दिलं.

एका उन्हाळ्यात लातूरला गेलो असताना गच्चीवर उभा होतो. दोरीवर मुलींचे कपडे वाळत होते. वरच्या खोलीतली एक मुलगी, मुखेडकडची, बादली घेऊन आली. तिनं मला सहज विचारलं की काका, तुमची भाची कोणत्या क्लासला जाते, आम्हाला कधीच कशी दिसत नाही. मी दोरीकडं पाहिलं. टोकाला एक निळा ड्रेस होता. नवा नव्हता. गळ्याशी रंग उतरला होता, कोपरावर कापड विरलं होतं.

खाली येऊन आक्काला विचारलं तर ती म्हणाली, नवं कापड टोचतं, धुऊन धुऊन मऊ करावं लागतं. ती सगळेच कपडे नेमानं धुवायची, वाळवायची, इस्त्री करून ठेवायची. मुलींनी ते कपडे बघितले होते, अंगात कुणाच्या ते मात्र कधीच नाही. त्यांनी आपापसात ठरवून टाकलं होतं की मावशीची मुलगी फार अभ्यासू आहे, खोलीबाहेर पडत नाही.

त्यानंतरच्या एप्रिलमध्ये मला फोन आला. एका तरुण मुलीचा गोड आवाज. लातूरच्या कुठल्याशा क्लासमधून बोलत होती. तिनं माझ्या भाचीचं नाव घेतलं आणि यंदा दहावी झाली ना सर, पुढं वैद्यकीयचा विचार आहे का, असं विचारलं.

ते नाव मी कितीतरी वर्षांनी ऐकत होतो. आमच्यापैकी कुणी घेतलं नव्हतं ते एका अनोळखी मुलीनं घेतलं होतं, अगदी सहज, शाळेत हजेरी घ्यावी तसं. माहिती कुठून कुठं गेली ते मला आजवर कळलेलं नाही. चुकीचा नंबर, असं म्हणून मी फोन ठेवला. दुसऱ्या दिवशी आक्काचाच फोन. त्यांनी घरच्या पत्त्यावर माहितीपत्रक पाठवलं होतं आणि तिनं त्यांना भेटायची वेळही घेतली होती.

"तू ये," म्हणाली. "बापाच्या जागी कुणी पाहिजे."

मी एसटीनं लातूरला गेलो. वाटेत लोहा गेलं, अहमदपूर गेलं, आणि तिला काय सांगायचं याची मी जुळवाजुळव करत राहिलो. प्रत्यक्षात काहीच सांगितलं नाही. तिनं ठेवणीतली साडी नेसली होती आणि ती दारात उभी राहून माझी वाट बघत होती.

क्लासच्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी फलक होते आणि फलकांवर पहिल्या आलेल्या मुलामुलींचे चेहरे, आमच्या डोक्यापेक्षा मोठे. आक्का मान वर करून एकेक बघत चालली होती. आत गार हवा होती. टेबलामागं फोनवरचीच मुलगी असावी. तिनं आम्हाला बसवलं, पाणी दिलं, आणि मुलीला आणलं नाहीत का, असं विचारलं.

"येईल," आक्का म्हणाली.

मुलगी हसली. विषय विचारले, शाळा विचारली. आक्का उत्तरं देत होती, कुठंही न अडता. गणित तिला जड जातं म्हणाली. सकाळी लवकर उठवत नाही म्हणाली. मी शेजारी बसून ऐकत होतो, आणि मला खरंच एक मुलगी दिसू लागली होती, निळ्या ड्रेसमधली, गणिताला कंटाळलेली. शेजारच्या रिकाम्या, तिसऱ्या खुर्चीकडं बघायचं मी टाळत होतो.

मग टेबलामागची मुलगी म्हणाली, "एक फोटो लागेल मावशी. मोबाईलमधला चालेल."

आक्कानं पर्स उघडली. फोन हातात घेतला. बंद पडद्याकडं बघू लागली. त्या घरातला एकही फोटो वाचलेला नव्हता, हे मला माहीत होतं, तिलाही माहीत होतं. पण ती फोटो शोधत नव्हती.

"भाऊ," ती हळूच म्हणाली, "तिचं तोंड मला दिसून न्हाई राहिलं."

तिच्याजवळ मुलीच्या खांद्याचं माप होतं, कमरेचं होतं, चपलेचा नंबर होता. दहावीतलं तोंड तेवढं कुणी दाखवलं नव्हतं.

मी तिला हाताला धरून बाहेर आणलं. नेमकी एक तुकडी सुटली होती. पाठीला दप्तरं लावलेल्या मुलींचे घोळके जिन्यावरून उतरत होते. आक्का फुटपाथच्या कडेला उभी राहिली आणि तिनं येणाऱ्या प्रत्येक मुलीच्या चेहऱ्याकडं पाहिलं. एकही सोडला नाही. काही मुली चपापल्या, एकीनं ओढणी सावरली. रस्ता मोकळा झाला तेव्हा ती म्हणाली, चल.

घरी आल्यावर तिनं फोन माझ्यापुढं ठेवला. "दुकानाला सांग," म्हणाली.

मी बसून शोधलं. वस्तू दाखवणं बंद करायला कारण द्यावं लागत होतं. आवडलं नाही. आधीच घेतलं आहे. यात रस नाही. मी तिला तिन्ही वाचून दाखवली.

"रस न्हाई असं कसं म्हणू रे?" ती म्हणाली.

मग कोणतंच दाबलं नाही.

संध्याकाळी मुली जेवायला बसल्या तेव्हा आक्कानं त्यांना सगळं सांगितलं. कपडे कुणाचे, ती कोण होती, कुठं गेली. भाकरी वाढता वाढता सांगितलं, आवाज न चढवता. सांगताना मुलीचं नाव घेतलं, आणि ते तिच्या तोंडून आलं तेव्हा मला पहिल्यांदा ते आपल्या घरातलं नाव वाटलं. ती तिसरीत होती तेव्हा कशी दिसायची तेही सांगितलं. पुढचा एक दात किडलेला, भुवईत खोक पडल्याची खूण, हसली की डोळे मिटायचे.

मुखेडकडची ती मुलगी बोलली. मला वाटायचं ती बाजूच्या खोलीत अभ्यास करून राहिली, म्हणाली. म्हणून मी दाराशी हळू चालायचे.

"चांगलं केलंस," आक्का म्हणाली, आणि तिच्या ताटात वरण वाढलं.

महिन्याच्या आत दोन मुली दुसरीकडं राहायला गेल्या. त्यांच्या घरच्यांना ते घर बरं वाटेना. मुखेडची राहिली. आक्कानं पुन्हा काही मागवलं नाही, पण कपडे कुणाला दिलेही नाहीत. ते खालच्या खणात आहेत, विरलेले, मऊ झालेले. ती आता ते धुवत नाही.