बंद न केलेलं एक खातं

कंपनीत त्यांना सगळे कुलूपकाका म्हणत. एका दुकानावरच्या दोन खोल्यांत कंपनी सुरू झाली तेव्हा माणसं सात, आणि नेटवर्कच्या सुरक्षेचं काम एकट्या काकांकडे. नुसत्या खोकण्यावरून ते माणूस ओळखत. पुढे कंपनी अशी फोफावली की एकोणीस देशांत ऑफिसं झाली, आणि लिफ्टमध्ये काकांनाच "कुणाला भेटायचंय?" असं विचारणारी मंडळी भरती झाली. तरी काकांनी घालून दिलेला नियम कुणी हलवला नाही. माणूस गेला की चोवीस तासांच्या आत त्याचं खातं बंद. मुद्दाम नियम मोडेल त्याला घरी पाठवा, हेही काकांनीच लिहिलेलं. हौस दांडगी!

एकच खातं त्यांनी बंद केलं नव्हतं.

ते त्यांच्या दोस्ताचं. दोघांनी मिळून त्या दोन खोल्यांत तारा ओढल्या होत्या, एका डब्यात जेवले होते. अकरा वर्षांपूर्वी दोस्त जेवणाच्या सुट्टीत टेबलावर डोकं टेकून बसला तो उठलाच नाही. दुसऱ्या दिवशी काका खातं बंद करायला बसले, तोच दोस्ताच्या बायकोचा फोन आला.

"भावजी, यांच्या ऑफिसच्या नंबरवर यांचा आवाज येतो हो. 'जरा बाहेर गेलोय, येतोच,' म्हणतात. तेवढं राहू द्या."

खातं गेलं की नंबरही जाणार होता आणि त्यावरचा रेकॉर्ड केलेला आवाजही. "उतरवून देतो, वहिनी," काका म्हणाले.

"नको. फोन लावला की तेच उचलतात असं वाटतं."

काकांनी त्या एका नावाला सगळ्या नियमांतून वगळलं. पासवर्ड बदलायची सक्तीही त्याला नाही. नंबर चालू आहे ना, म्हणून रोज सकाळी एकदा लावून बघायचे. वहिनींसाठी.

गेल्या मंगळवारी काका चहा घेत, नेटवर्कमध्ये कोण कधी आलं त्याच्या नोंदी बघत होते. पडद्यावर दोस्ताचं नाव उमटलं, तो आत आला होता. क्षणभर, अगदी क्षणभर, काकांना आनंद झाला. मग त्यांनी कप खाली ठेवला. कुणी परका तो जुनापुराणा पासवर्ड फोडून घुसला होता आणि हजारो माणसांचे घरचे पत्ते उपसत होता. काकांनी चार मिनिटांत त्याला बाहेर काढलं, पण तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं.

"काका, नजरचुकीने राहिलं असं लिहू का?" चौकशीला आलेल्या मॅडम म्हणाल्या. बाई मनाने चांगली.

"राहिलं नाही, मॅडम. मीच ठेवलं."

झालं. शुक्रवारी पाच वाजता काकांचं खातं बंद व्हायचं ठरलं. त्याआधी दोस्ताचं त्यांनीच बंद करायचं होतं. साडेचारला त्यांनी फोन लावला.

"वहिनी, माफ करा. त्याचा आवाज एकदा शेवटचा ऐकून घ्या. आज बंद करावं लागतंय."



"भावजी, मी दुसऱ्याच वर्षी ऐकणं सोडलं. झेपेना. पण तुम्ही भेटलात की म्हणायचात, नंबर चालू आहे, मी रोज लावून बघतो. मग तुमच्याकडे बघून गप्प बसले."

काकांनी फोन ठेवला, दोस्ताचा नंबर लावला, आवाज शेवटपर्यंत ऐकला आणि खातं बंद केलं. बंद झालं का हे तपासून बघायचं, हाही त्यांचाच नियम. त्यांनी पुन्हा लावला. हा नंबर अस्तित्वात नाही, असं एक अनोळखी बाई शांतपणे म्हणाली, आणि अकरा वर्षांपूर्वी रडायचं राहून गेलेले काका ढसाढसा रडले.