भानुमतीच्या घटका

ही गोष्ट ज्या जगातली आहे, तिथं काळ सगळीकडे सारखा वाहत नसे. सूर्य सगळ्यांचा एकच, पण त्याच्या एका दिवसात कुठं जास्त घटका मावत, कुठं कमी. त्यावर नजर ठेवायला सरकारनं नर्मदेच्या काठाकाठानं कालवेधशाळा बांधल्या होत्या. त्यातली जबलपूरची ग्वारीघाटाच्या वरच्या अंगाला, नावाड्यांच्या झोपड्या संपतात तिथं खडकावर होती. भानुमती तिथं कामाला लागली एकोणचाळीस साली. तेव्हा ती सत्तावीस वर्षांची होती. लग्न ठरून मोडलेलं, आई नाही. चेरीतालच्या घरी फक्त वडील, भाऊराव, तोफांच्या कारखान्यात फिटर.

काम सोपं होतं. पाण्याच्या घंगाळात बारीक भोकाचं तांब्याचं पात्र सोडायचं. ते भरून बुडालं, तळाला टण्णकन टेकलं, की एक घटका झाली. सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत अशा तीस भरत, ऋतूप्रमाणे दोन-चार इकडेतिकडे. मध्यान्हीला टेलिफोनवरून कालचा आकडा वरच्या डोंगरातल्या करंजघाटच्या वेधशाळेला सांगायचा आणि त्यांचा लिहून घ्यायचा.

करंजघाटला श्रीरंग म्हणून एकजण होता, भंडाऱ्याकडचा, सव्वीस वर्षांचा. दोघांनी एकमेकांना पाहिलेलं नव्हतं.

"काल तीस. तुमचे?"

"तीसच."

"मग जग ठीक चालून राहिलं म्हणायचं. जेवल्या का, भानुमतीबाई?"

दिवसभरात तिच्याशी एवढं बोलणारं दुसरं कुणी नव्हतं. वडील कामावरून आले की जेवून झोपत.

मग लढाई लागली. काळाचं विहिरीसारखं असतं. एका विहिरीवर इंजिन बसून दिवसरात्र उपसा सुरू झाला की शेजारच्या आटतात. जबलपूरचे कारखाने तसा काळ ओढू लागले. भानुमतीच्या घटका तीसच्या चाळीस झाल्या, मग पंचावन्न, त्रेचाळीस साली सत्तर. एका उजेडात कामगारांच्या तीन-तीन पाळ्या बसू लागल्या. सूर्य डोक्यावर असतानाच शहर दोनदा जेवायचं आणि एकदा झोपायचं. ती घंगाळापाशीच सतरंजी टाकून पडे. टण्ण झालं की झोपेतूनही उठे.

करंजघाटला घटका उरल्या चौदा.

टेलिफोनवर श्रीरंगचा आवाज जड, लांबट येऊ लागला. त्याचं एक वाक्य पुरं होईपर्यंत तिची मूठभर डाळ निवडून व्हायची. तिचं बोलणं त्याला चिमण्यांच्या चिवचिवाटासारखं ऐकू येई, म्हणून ती एकेक अक्षर ताणून बोलायला शिकली. सवय अशी जडली की वाण्याकडेही ती तसंच बोले. "दीदी, तबियत ठीक नहीं क्या?" वाणी विचारी.

"आवाज असा काहून झाला तुमचा?" एकदा श्रीरंगनं विचारलं.

"इकडे काळ फार झाला," ती सावकाश म्हणाली.

"मी भेटायला येणार आहे. इथलं काम संपलं की येतोच. थोडेच दिवस."

त्याचे थोडे दिवस म्हणजे आपले किती, याचा हिशेब तिला तोंडपाठ होता. तिनं तो सांगितला नाही.

त्याच साली खात्यानं तिला बदली देऊ केली, वरच्या डोंगरातल्या एका वेधशाळेत. तिथं वय पावलापावलानं वाढलं असतं. तिनं वडिलांना विचारलं. भाऊरावांना खोकला लागला होता, केस पार पांढरे झाले होते.

"तू जा, भाने. मी नाही येत. तिकडं पोरं लढून राहिली, त्यांच्या तोफा कोण घासणार?"

"आणि तुमच्या भाकरी कोण थापणार?"

"थापीन मी."

त्यांना भाकरी थापता येत नव्हती. भानुमतीनं बदलीचा कागद परत पाठवला. पुढच्या वर्षी भाऊराव गेले. पंचांगानं छप्पन्न वर्षांचे होते. खांद्यावर उचलणाऱ्यांना ते सत्तरीचे वाटले.

लढाई संपली. पाळ्या कमी झाल्या, घटका उतरत उतरत तिसांवर आल्या. शेहेचाळीसच्या माघात एका दुपारी वेधशाळेच्या पायऱ्यांवर एक तरुण आला. हातात पिशवी, घाटावर घेतलेली झेंडूची पुडी.

"मावशी, भानुमतीबाई कुठं भेटतील जी?"

आवाज आता जड नव्हता, तरी तिनं ओळखला. पंचांगानं ती चौतिशीची, देहानं चाळिशीपार. तो देहानं जेमतेम तिशीचा.

"मीच," ती म्हणाली.

त्याचं तोंड क्षणभर उघडंच राहिलं. मग तो वाकून पाया पडला, आणि तेच तिला सगळ्यात जास्त लागलं. चहा झाला. तो खूप बोलला, पाऊस, अस्वलं, टेलिफोनच्या तारा तुटायच्या ते. ती ताणून उत्तरं देत होती. "आता हळू बोलायची गरज नाही," तो म्हणाला.

"हो की."

पुडीतली फुलं कुणाला द्यायची ते त्याला सुचेना. शेवटी त्यानं ती खिडकीत ठेवली. उन्हं उतरायच्या आत नाव पकडून तो गेला. दोन वर्षांनी त्याच्या लग्नाची पत्रिका आली. तिनं चांदीची अत्तरदाणी पाठवली. गेली मात्र नाही.

मग खात्यानं जबलपूरकरांसाठी वयाचे दाखले काढले. नोकरीला पंचांगाचं वय धरायचं की देहाचं, ते ज्यानं त्यानं ठरवायचं. ती शहरातल्या कचेरीत गेली. तिथला कारकून भला माणूस होता.

"दीदी, देहाचं लिहा. सहा-सात वर्षं आधी सुटाल. सगळे तेच लिहून राहिले."

"आधी सुटून कुठं जाऊ, भैया?"

कारकुनानं दौत पुढं केली. तिनं पंचांगाचं वय लिहिलं, सही केली, आणि घंगाळात पाणी भरायला उशीर होईल म्हणून घाटाकडे जाणारा टांगा पाहायला रस्त्यावर आली.