धुराचा भोंगा आणि आईची खाट

लातूरच्या आमच्या घरात आई कधी स्लॅबखाली झोपली नाही. दिवसभर ती आतच वावरायची, चुलीपाशी माझ्याशी भांडायची, पण दिवेलागण झाली की तिची खाट पुढच्या पत्र्याच्या शेडमध्ये गेलीच म्हणून समजा. गणपती बुडवून गाव झोपलं आणि पहाटे घरं बसली, त्या भूकंपात औशाकडच्या आमच्या गावात माझी मोठी बहीण माळवदाच्या मातीच्या छताखाली गेली. मी वाचले. मी इतकी लहान होते, की मला आठवते ती फक्त धूळ आणि त्या धुळीत आईच्या कडेवर मी. बाकीचं आईनंच सांगायचं, तर ती त्या विषयावर तोंड उघडत नसे.

पुढं मला शाळेत नोकरी लागली, आईला लातुरात आणलं, घर बांधलं. शहरात क्लासेसचं पेव फुटलं, तसा आम्हीही वर मजला चढवला. जळकोट, चाकूर, धर्माबादकडच्या मुली डॉक्टर व्हायला येऊन राहू लागल्या. त्या दिवसांत आमची सगळी गल्लीच झोपेत बोलल्यासारखी पुटपुटत असायची. संध्याकाळी गच्चीवर मुली पुस्तक छातीशी धरून येरझारा घालत. एकीच्या तोंडी हृदयाचे कप्पे, दुसरीच्या तोंडी कसली तरी सूत्रं. खाली आई डोळे मिटून ते ऐकत पडायची. तिला त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं, पण चेहरा असा व्हायचा की कुणी तिला भजन ऐकवतंय.

मला मात्र थंडीतला तिचा खोकला ऐकवत नसे. आत ये म्हणून विनवलं, रागावले, एकदा तर खाटच उचलून आत आणली. तिनं बाहेर चटई टाकली. मी हात टेकले.

मग कुठल्याशा दूरच्या शहरात एका क्लासला आग लागल्याचं टीव्हीवर दाखवलं आणि पालकांचे फोन सुरू झाले. आम्ही दाराला सेन्सर, जिन्यात कॅमेरा आणि खोल्याखोल्यांत बिनवायरचे धुराचे भोंगे बसवायचं ठरवलं. ते बसवायला नांदेडहून एक मिस्त्री आले. पांढरी दाढी, पूर्वी रेडिओ दुरुस्त करायचे. त्यांनी ड्रिल मशीन पिशवीतून काढलं मात्र, आई शिडीलाच आडवी झाली.

"स्लॅबाला भोक पाडू देनार न्हाई."

"नको तर नको, मावशी," ते हसले. "वायरबी न्हाई, भोकबी न्हाई. चिकटवून देतो. जरा सबूर धरा फक्त."

त्यांनी छताचा डिस्टेंपर गिलाव्यापर्यंत खरवडला, जागा पुसून कोरडी केली, दोन्हीकडून चिकटणाऱ्या टेपनं भोंग्याची तळाची चकती चिकटवली आणि तळव्यानं दाबून बराच वेळ तसेच शिडीवर उभे राहिले. मग तिच्यात भोंगा फिरवून बसवला. फोडणीच्या धुरानं उगाच बोंबलू नये म्हणून स्वयंपाकघरातला चुलीपासून लांब, बोळाच्या तोंडाशी लावला. एकेक भोंगा दाराजवळ लावलेल्या मुख्य डब्याशी जोडला, की तो डबा टुंग करून होकार द्यायचा. आई मान वर करून सगळं बघत होती.

"हे झोपत न्हाई, मावशी," जाताना ते म्हणाले. "रातदिन जागं. काय झालं की आधी हेच वरडंल. तुमी बिनघोर झोपा."

त्याच संध्याकाळी आईनं आपली खाट बैठकीत, भोंग्याच्या बरोबर खाली आणली! मी गुपचूप तिची उशी आणून दिली. बोलले तर परत जाईल अशी भीती. वाटलं, खोकल्यानंच शहाणपण शिकवलं. छतावर तो बारीक दिवा मधूनच लुकलुकायचा, आई त्याच्याकडं बघत बघत पापण्या मिटायची. त्या हिवाळ्याइतकी सुखात मी कधी नव्हते. घर जणू दुलईत गुंडाळून ठेवलं होतं.

भोंग्यांची देखभाल माझ्याकडं आली. झाडूच्या दांड्यानं चाचणीचं बटण दाबायचं, कान किटेपर्यंत ऐकायचं, मऊ ब्रशनं जाळी झाडायची. बॅटरी उतरली की तो रातकिड्यासारखा एक एक आवाज टाकत राही. वर एका मुलीनं चोरून शेगडीवर शेवया शिजवताना भोंग्याला प्लास्टिकची पिशवी बांधली, तेव्हा आईनं घर डोक्यावर घेतलं. "त्याचं तोंड बांधतीस व्हय ग?" ती पोर रडकुंडीला आली. मला हसू आवरेना.

एका दुपारी जळकोटकडचे एक पालक मुलीला सोडायला आले. चहा घेताना ते सारखं वर स्लॅबकडं बघत होते. शेवटी त्यांनी विचारलंच, "भूकंपाचं भेव न्हाई न्हवं?"

"काय काळजी करू नका, दादा," आई म्हणाली. "जमीन हलायच्या आधी ह्यो भोंगा वरडतोय. मीबी आता निवांत झोपते."

त्या माणसानं भोंग्याकडं मोठ्या श्रद्धेनं पाहिलं. गप्प राहावं, तर आई आतच निवांत झोपत राहील. पण तो बाप त्या शब्दावर पोरगी ठेवून चालला होता.

"दादा, ते फक्त धुराचं आहे," मी म्हणाले. "भूकंपाचं त्याला काही कळत नाही. आईचा गैरसमज झालाय."

"आसं व्हय," ते म्हणाले. मी त्यांना जिना आणि मागची मोकळी जागा दाखवली. मुलीची बॅग वर ठेवून ते गेले. मी परत आले तर आई अंथरूण गुंडाळत होती.

"आई, रात्री बाहेर गारठा असतो. इतकं भिऊन कसं चालेल?"

"म्या भिते म्हनून भाईर निजते व्हय?" तिनं माझ्याकडं पाहिलंही नाही. "त्या पहाटं मला गाढ झोप लागली व्हती. उठले तवा समदं पडून राहिलं व्हतं. तुमा दोघींलाबी हाका मारल्या. एकीनंबी ओ दिली न्हाई. अंधारात हाताला जी लागली ती उचलली." अंथरूण तिनं छातीशी धरलं. "भाईर निजलं की झोप लागत न्हाई. वर इतकी लेकरं हायती. हाका माराया कुनीतरी जागं पायजे."

मला रडू फुटलं. इतकी वर्षं मी तिला भित्री म्हणून चिडवत आले होते. मी तिच्या हातातलं अंथरूण घेतलं आणि परत खाटेवर पसरलं.

"आता मी जागते. तू नीज."

"तुला व्हायचं न्हाई."

"बघ तर."

ती आडवी झाली. बाहेर अजून उन्हं होती. तिनं माझं मनगट धरलं आणि डोळे मिटले. बऱ्याच वेळानं तिचा श्वास लांबला. ती झोपली असं वाटून मी हात सोडवायला गेले, तर झोपेतच तिनं तो आणखी घट्ट धरला आणि माझ्या बहिणीच्या नावानं हाक मारली. मी ओ दिली.