शिरवाळ्यांचा कौल

माझी मुलगी बंगळूरला संगणकावरचे खेळ बनवणाऱ्या कंपनीत आहे. कुठल्याच नकाशावर नसलेल्या राज्यांची चित्रं काढायचा तिला पगार मिळतो. मध्यंतरी तिचा फोन आला, "आई, एक पवित्र यंत्र हवंय. त्यातून निघालेलं अन्न भविष्य सांगतं. कुणी कधी पाहिलं नसेल असं काहीतरी सुचव ना."

"कुणी पाहिलं नसेल कसं?" मी म्हटलं. "आपल्या पेडण्याच्या घरी माळ्यावर पडलंय."

ते यंत्र म्हणजे शिरवाळ्यांचा लाकडी साचा. तांदळाच्या पिठाचे गोळे पाण्यात उकडायचे, गरम गोळा साच्यात घालायचा आणि वरचा दांडा दाबायचा, की खालच्या भोकांतून शेवया केळीच्या पानावर उतरतात. मग त्या नारळाच्या गोड रसात बुडवून खायच्या. इतर घरांत एवढ्यावर भागतं. माझ्या सासरी मात्र पहिला गोळा देवाचा असे. मनात प्रश्न धरायचा. शेवया पानापर्यंत अखंड उतरल्या तर होकार, तुकडे पडले तर नकार. साचा देवघरात खुंटीला टांगलेला असे. बाहेरची असलेल्या बाईने त्याला शिवायचं नाही, त्यामुळे माझी पाळी आली की घराचं भविष्य चार दिवस पुढे ढकललं जाई.

साचा कधी चुकत नसे. चुकायची सोयच नव्हती. सासऱ्यांनी शिरगावच्या खाणीवर ट्रक लावायचं ठरवलं तेव्हा शेवया अशा सळसळत उतरल्या की सासूबाईंनी त्यांना हात जोडले. ट्रक आला, आणि थोड्याच दिवसांत खाणी बंद पडल्या. परसात उभ्या राहिलेल्या त्या ट्रकवर आम्ही भोपळ्याचा वेल चढवला. मी एकदा धीर करून विचारलंच, तर सासूबाई म्हणाल्या, "साच्यान ट्रक घे म्हटला. खाण चालू रवतली म्हणान खंय सांगला?" दिरांच्या लग्नाला साच्याचा नकार आला होता. त्यांनी तरीही लग्न केलं आणि म्हापशाला फ्लॅट घेऊन मजेत राहिले. वेगळे झाले, म्हणजे साच्याने सांगितलं तेच झालं, असा त्याचा अर्थ घरात लावला गेला.

गोळे उकडायचं काम माझं. त्यामुळे लग्नानंतरच्या पहिल्या वर्षातच मला देवाचं गुपित कळलं. गोळा कढत असेल तर शेवया तुटत नाहीत, निवला की तुटतात. एवढंच. हे मी कुणाला सांगितलं नाही. सुनेने सासरच्या देवाला पहिल्याच वर्षी उघडं पाडू नये, एवढी अक्कल मला होती.

आणि मग साखळीच्या एका शाळेतून मला शिक्षिकेच्या नोकरीचं पत्र आलं. साखळी माझं माहेर. पेडण्याहून म्हापसा, म्हापशाहून साखळी, अशा दोन बसगाड्या रोज. मला ती नोकरी हवी होती. किती हवी होती, हे नवऱ्यालाही सांगायची मला लाज वाटत होती. तो म्हणाला, "आई काय म्हणता बघूया." आई म्हणाल्या, "साचो काय म्हणता बघूया."

त्या सकाळी मी सरळ लबाडी करायची ठरवली. चूल रसरसती ठेवली. नवरा दांड्यापाशी उभा राहिला, सासूबाई पान घेऊन खाली बसल्या. मी उकळत्या पाण्यातून गोळा काढून तडक साच्यात घातला. बोटं भाजली, पण हूं की चूं केलं नाही. नवरा दांडा दाबणार, तेवढ्यात सासूबाई उठल्या.

"राव. साच्यार फूल ना," त्याला थांबवत म्हणाल्या आणि विहिरीकडच्या जास्वंदीला गेल्या.

जास्वंद वीस पावलांवर. बाई येईचनात. साच्यातल्या गोळ्याची वाफ विरत चालली. दुसरा गोळा काढू का, असं विचारायची सोय नव्हती. विचारलं असतं तर सगळंच उघडं पडलं असतं. संपलं, मी मनात म्हटलं. आता जन्मभर गोळेच उकडायचे. रडू आलं ते धुराच्या नावावर खपवलं.

सासूबाई आल्या, साच्यात वाकून पाहिलं आणि म्हणाल्या, "ह्या गोळ्याक केस लागलो. देवाक चलचो ना. दुसरो काढ, गरम."

मला केस दिसला नाही. पण मी कशाला वाद घालते? दुसरा गोळा कढत घातला आणि शेवया अखंड उतरल्या. त्या दिवशीचा रस मी दोन वाट्या प्यायले. पुढची सगळी वर्षं म्हापशाच्या स्टँडवर बसची वाट बघताना मला अधूनमधून हसू येई, की म्हातारीची नजर अधू म्हणून माझं नशीब उघडलं.

शेवटच्या आजारात सासूबाई अंथरुणाला खिळल्या होत्या. एका दुपारी त्यांना पेज भरवताना मी कबूल केलं, "आई, त्या दिवशी मी मुद्दाम कढत गोळा घातला होता."

"माका खबर आसा," त्या म्हणाल्या. "केस खंय होतो?"

मी चमचा वाटीत ठेवला. त्या थांबत थांबत बोलत होत्या. लग्नानंतर त्यांना म्हापशाला नर्सचं शिक्षण घ्यायला बोलावणं आलं होतं. "माझ्या सासून गोळो साच्यात घातलो आनि फूल हाडूक गेली. इली तेव्हा पीठ निवलेला. तुकडे पडले. मी गप रवलंय."

"आणि माझ्या वेळी?"

"तुझ्या वक्ताक मीय तेच्याचसाठी गेलंय," त्या म्हणाल्या. "झाडाकडे उबी रवलंय. मगे परत इलंय."

पेज निवत होती. मी त्यांचा हात धरला आणि रडले. त्या वेळी चूल पेटलेली नव्हती, धुराचं नाव घ्यायची सोय नव्हती. तेव्हा मला आठवलं, त्या दिवशी सासूबाई जास्वंदीपासून रिकाम्या हातांनी आल्या होत्या. साच्यावर फूल वाहिलंच नव्हतं.