लिंटन साहेबाचा चंदनी हार

लिंटन साहेब कामठीच्या छावणीत शिपाई म्हणून आला आणि बाकीचे गोरे बोटीत बसून गेले तरी नागपुरातच राहिला. साहेब म्हणायचं ते रंगापुरतं. सदर भागातल्या दोन खोल्या, एक मोडकी सायकल आणि कपड्यांवर रंगाचे डाग. तरुणपणी विलायतेत त्याचं एक पुस्तक छापलं होतं. त्या एका पुस्तकावर गडी जन्मभर लेखक राहिला. पुढं नागपूरवर जे जे लिहून लंडनला पाठवलं, ते ते पार्सल होऊन परत आलं. पोटासाठी तो सीताबर्डीतल्या दुकानांच्या पाट्या रंगवी आणि रविवारी रामटेकच्या डोंगराची चित्रं काढी. ती कोणी घेत नसे. ज्याला रामटेक पाहायचं तो बसनं जाऊन पाहून येई, चित्र कशाला घेईल? विलायतेत त्याची एक बहीण होती. नाव झालं की तिला पत्र लिहीन, असं तो म्हणे. नाव काही झालं नाही आणि पत्रही गेलं नाही.

सुभद्रा त्याचा स्वयंपाक करी आणि मागच्या खोलीत राही. तिचा नवरा रुपराव कन्हानहून भिलाईला कामाला म्हणून गेला तो गेलाच. चिठ्ठी नाही, निरोप नाही. लोक दबक्या आवाजात काय ते बोलत, पण सुभद्रा रोज ठसठशीत कुंकू लावी. दिवाळीच्या पाडव्याला बायका नवऱ्याला ओवाळतात. ही पाटावर त्याची टोपी ठेवून ओवाळायची. "टोपी हाये तर डोकं येईनच," म्हणायची.

साहेबानं ते पाहिलं आणि त्याचा जीव कळवळला. अडुसष्ट साली पावसाळाभर तो तिला विचारत राहिला.

"सुभद्रा, रुपरावचं नाक कसं होतं वं?"

"होतं काहून म्हणता? हाये म्हणा!" ती फणकारायची आणि भाकरी थापता थापता नाक सांगायची, मिशी सांगायची, कपाळावरचा वण सांगायची. हे सगळं कशासाठी, ते तिला ठाऊक नव्हतं.

पाडव्याला ती शेजारच्या पार्वतीबाईसोबत झेंडू आणायला गेली आणि परत येऊन पाहते तर भिंतीवर रुपराव! हुबेहूब, वणसुद्धा जागच्या जागी. आणि चौकटीला घसघशीत चंदनी हार.

पार्वतीबाईनं तोंडाला पदर लावून गळाच काढला. "कधी कळलं वं बाई? सांगितलं बी नाही!"

सुभद्राच्या हातची फुलं खाली पडली. "साहेब, जितं माणूस मारलं तुम्ही."

साहेब भांबावला. "काहून? घरोघरी पाहतो न मी. मोठ्या माणसाच्या फोटोले हार राहते."

"मेल्यावर राहते, साहेब."

ज्या गावावर इतकी वर्षं कागद काळे केले, त्या गावच्या भिंतीसुद्धा त्याला कळल्या नव्हत्या. त्यानंतर त्यानं एक ओळ लिहिली नाही, की कुणाचा चेहरा काढला नाही. नुसत्या पाट्या रंगवल्या.

सुभद्रानं हार तेव्हाच उतरवला, पण डोळ्यांपुढून तो उतरेना. पार्वतीबाईच्या तोंडून बातमी मोहल्लाभर झाली, बाया सांत्वनाला आल्या, आणि या बाईनं ज्याला इतकी वर्षं जिवंत ठेवलं होतं तो सगळ्यांसाठी मेला. ती कुंकू लावत राहिली, पण लावताना बोट थबके. टोपी, चित्र, हार सगळं पेटीत गेलं. पाडवा बंद झाला. साहेबावरचा तिचा राग कधी गेला नाही. त्याला उपाशी मात्र तिनं कधी ठेवलं नाही.

काही वर्षांनी साहेब न्यूमोनियानं गेला. दफन करून लोक परतले, तेव्हा त्याच्या खोलीत त्यानं तरुणपणी काढलेलं स्वतःचं चित्र तेवढं भिंतीवर होतं. पार्वतीबाईला पेटीतला हार आठवला. "आता तरी कामी येईन," म्हणत ती तो घेऊन आली.

सुभद्रानं तिचा हात धरला.

"राहू दे वं. तिकडं त्याची बहीण वाट पाहून राहिली असन."