पायरीवर बसणाऱ्या काकू

उठायच्या आधी काकू उजवा तळहात जमिनीवर टेकवायच्या, डोळे मिटायच्या आणि आजूबाजूच्या सगळ्यांना सांगायच्या, "थांबा, इंजन गरम होऊ द्या." मग एक लांब श्वास, गुडघ्यांतून कडकड असा आवाज, आणि काकू उभ्या. हळदीकुंकवाला हे चालून जायचं. पण काकू बसत जास्त त्या मौतीच्या घरी. तिथेही त्या हेच म्हणायच्या, अगदी गंभीर चेहऱ्याने, आणि रडून रडून सुजलेल्या बायकांच्या तोंडावर नकळत हसू यायचं.

आमच्या गल्लीत कुणाकडे काही बरंवाईट झालं की सगळ्यात आधी त्या घरात काकू पोचलेल्या असायच्या. एका हातात चहाची किटली, दुसऱ्या हातात फडक्यात बांधलेल्या भाकरी. त्या घरात चूल पेटत नाही म्हणून शेजाऱ्यांनी पिठलं-भाकरी न्यायची, ही रीत सगळीकडेच आहे. काकूंची खरी रीत त्यापुढची. भाकरी स्वयंपाकघरात ठेवायची आणि ज्या बाईचं माणूस गेलं तिच्या शेजारी सतरंजीवर मांडी घालून बसायचं. बोलायचं काही नाही. बाकीच्या बायका "कसं झालं हो? अटॅक का? आधी काही दुखत होतं का?" असं सुरू करत. तुम्हीही पाहिल्या असतील अशा बायका, आणि पुरुषही. काकू त्यांच्याकडे नुसत्या बघायच्या. तेवढं पुरायचं.

मी जालन्यातल्या एका दवाखान्यात एक्स-रे काढतो. हाडं बघून बघून माणसांकडे लांबून बघायची सवय लागली आहे, असं माझी बायको म्हणते. खोटं नाही. काकूंकडेही मी बरीच वर्षं तसंच बघत होतो. एकदा सहज विचारलं, "काकू, दर वेळी इतका इतका वेळ बसता, कंटाळा येत नाही का?"

"आमचे हे गेले तवा माझ्याजवळ एक म्हातारी येऊन बसल्ती," काकू म्हणाल्या. "जाफराबादला असताना. दिवसभर बसल्ती, एक शब्द बोलली न्हाई. ती कोण होती ते मला आजून ठाऊक न्हाई, बाबा."

एवढंच. पुन्हा तो विषय त्यांनी काढला नाही, मीही नाही.

गुडघे मात्र बोलायला लागले. आधी एरंडाची पानं गरम करून बांधून झाली. मग कुणीतरी बदनापूरहून आणून दिलेलं निर्गुडीचं तेल, मग पट्टा, मग इंजेक्शनं. इंजन गरम व्हायला जास्त वेळ लागू लागला, नंतर तर दोन बायकांनी काखेत हात घालून उठवावं लागायचं. शेवटी एकदा त्या एका घरी गेल्या आणि दारातूनच भाकरी देऊन परत आल्या. त्या दिवशी संध्याकाळी त्यांनी मुलाला सांगितलं, "काय करायचं ते कर आता. मला खाली बसता न्हाई येऊन राह्यलं."

काकूंचा मुलगा बियाण्यांच्या एका कंपनीत हिशेबनीस आहे. शांत माणूस, आईला घाबरणारा. तो त्यांना आमच्याच दवाखान्यात घेऊन आला. एक्स-रे मीच काढला. दोन्ही गुडघ्यांत हाडावर हाड टेकलं होतं, मधली फट शोधून सापडेना.

ऑपरेशन करायचं ठरतंय असं कळलं आणि गल्लीत जो तो डॉक्टर झाला. एकीची सासू ऑपरेशननंतर अंथरुणालाच खिळली होती. दुसरीची मावशी सहा महिन्यांत गडावर देवदर्शनाला चढून गेली होती. दोन्ही गोष्टी खऱ्या असाव्यात. माझ्या टेबलावर दोन्ही तऱ्हेची माणसं येतात, आणि आधी एक्स-रे बघून कोणाचं काय होणार हे मला तरी सांगता येत नाही.

दर गुरुवारी संभाजीनगरहून आमच्याकडे गुडघ्यांचे डॉक्टर येतात. त्यांनी नीट समजावून सांगितलं. बहुतेकांचं दुखणं जातं. काहींचं सगळं बरोबर होऊनही समाधान होत नाही. साखर वाढलेली असेल तर जखम चिघळायची भीती, आणि आत पू झाला तर पुन्हा उघडावं लागतं. पायात रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून लगेच चालायला लावतात. बसवलेला सांधाही कायमचा नसतो, वर्षांनी तोही झिजतो. मग त्यांनी देशी सांधा आणि परदेशी सांधा असे दोन नमुने टेबलावर ठेवले. काकूंनी ते वांगी निवडावीत तसे उलटसुलट करून पाहिले आणि खर्चाचा आकडा ऐकून म्हणाल्या, "सोन्याचा बसवून राह्यले का तुम्ही?" डॉक्टर हसले, देशीसुद्धा चांगला आहे म्हणाले. काही भाग मुलाच्या विम्यातून निघाला, राहिलेला त्याने भरला. आधी उजवा, तो सुधारला की डावा, असं ठरलं.

आता खरी गोष्ट. साखर तपासायला रक्त द्यायचं म्हणून काकूंना शेजारच्या खोलीत नेलं, तेव्हा डॉक्टरांनी मुलाला आणखी एक सांगितलं होतं. जमिनीवर मांडी घालून बसणं, उकिडवं बसणं आता विसरायचं, कायमचं. डॉक्टरांना वाटलं मुलगा घरी सांगेल. मुलाला वाटलं, हे कळलं तर आई ऑपरेशनला उभी राहणार नाही. आधी ऑपरेशन तर होऊ द्या, मग बघू. आणि काकूंनी स्वतः ते विचारलंच नव्हतं. चालता येईल का, जिना चढता येईल का, सगळं विचारलं. खाली बसता येईल का, हा त्यांच्या लेखी प्रश्नच नव्हता. माणूस जमिनीवर बसणार नाही तर कुठे बसणार?

ऑपरेशन छान झालं. व्यायाम करून घेणाऱ्या मुलीच्या सात पिढ्यांचा काकूंनी उद्धार केला, पण व्यायाम चुकवला नाही. महिन्याभरात काठी टेकत भाजीबाजारात जायला लागल्या. येणाऱ्याजाणाऱ्याला साडी गुडघ्याच्या वर उचलून टाक्यांची रेघ दाखवायच्या आणि म्हणायच्या, "दाबून बघ. बिलकुल दुखत न्हाई."

पुढच्या तपासणीचा एक्स-रे काढायला त्या आल्या. टेबलावर आडव्या पडल्या पडल्या मला विचारलं, "बाबा, आता खाली कवापासून बसायचं?"

मी मुलाकडे पाहिलं. मुलगा दारावरची 'गरोदर स्त्रियांनी आधी सांगावे' ही पाटी मन लावून वाचत होता. काकूंनी माझ्याकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. त्यांच्या लक्षात यायला वेळ लागला नाही.

"न्हाई का?"

"नाही आई," मुलगा पाटीकडेच बघत म्हणाला.

"मंग हे केलं कशाला?"

मी म्हणालो, "चालायला, काकू. बघा ना, किती छान चालता आता."

"चालून जाऊ कुठं, बाबा?" काकू म्हणाल्या. "जाऊन बसायचंच असतं ना."

"हलू नका," असं म्हणून मी एक्स-रे काढला. सांधा अगदी बरोबर बसला होता.

डाव्या गुडघ्याला त्यांनी नंतर कुणाला हात लावू दिला नाही. डॉक्टरांनी सांगितलं, मुलाने विनवलं, मीही माझ्या परीने बोललो. "राहू द्या तो. तो बसायचा हाय," एवढंच उत्तर. एक गुडघा चालायला आणि एक बसायला, असा त्यांनी परस्पर निकाल लावला होता. उजवा पाय ठणठणीत आणि डावा ओढत, अशा त्या गल्लीतून जायच्या. पण एका गुडघ्यावर खाली बसता येत नसतं. ते त्यांना कळलं सरांच्या घरी.

सर म्हणजे आमच्या समोरच्या घरातले शिक्षक. रोज मोटारसायकलवर बदनापूरच्या शाळेत जायचे. एका सकाळी निघाले आणि रस्त्यातच अपघातात गेले. त्यांची बायको अजून चाळिशीलाही पोचली नव्हती. दुसऱ्या दिवशीपर्यंत ती भिंतीला टेकून एका जागी बसून होती. रडणं नाही, बोलणं नाही, कडू घास म्हणून भावाने भरवलेला पहिला घास तोंडातच राहिला होता.

काकू किटली घेऊन आल्या. सतरंजीवर बायका दाटीने बसल्या होत्या. कुणीतरी लगबगीने प्लास्टिकची खुर्ची आणून ठेवली. मुलगा माझ्याबरोबर अंगणात पुरुषांत उभा होता, तिथून म्हणाला, "आई, खुर्चीवर बस."

"दुःखाच्या घरी खुर्चीवर बसत असतेत का?" काकू म्हणाल्या आणि भिंतीला धरून डाव्या गुडघ्यावर खाली जायला लागल्या. अर्ध्यावर डावा गुडघा लटपटला, उजवा वाकेना. त्या तशाच अडकल्या. तिघीजणींनी धरून सरळ केलं. हसायचं कुणाच्या मनात नव्हतं, इंजनाचं कुणी काही बोललं नाही. "सोडा," काकू जरा मोठ्यानेच म्हणाल्या, आणि बाहेर निघून गेल्या.

आम्हाला वाटलं, गेल्या घरी. पण त्या ओट्याच्या पायरीवर बसल्या होत्या, चपलांच्या ढिगाशेजारी. खुर्चीही नाही आणि जमीनही नाही. उजवा पाय पुढे लांब केलेला, त्यावर पदर ओढलेला. चेहरा असा, की माझी जवळ जायची हिंमत झाली नाही. मुलगा दोन पावलं पुढे गेला आणि थांबला.

थोड्या वेळाने आतून आवाज आला, "काकू कुठं गेल्या?" सरांची बायको विचारत होती. कालपासूनचं तिचं ते पहिलं बोलणं. मग ती उठली. घरातली एक मोठी बाई कुरकुरली, "आत्ता बाहेर कुठं निघालीस गं, लोक काय म्हणतील?" ती थांबली नाही. बाहेर आली, चपला पायाने बाजूला सारल्या आणि काकूंच्या शेजारी पायरीवर बसली.

बऱ्याच वेळाने सरांची बायको हळूच म्हणाली, "काकू, मला भूक लागली."

"आणा गं भाकर कुणीतरी," काकू म्हणाल्या. भाकरीचा तुकडा मोडून त्यांनी तिच्या हातात दिला. मी लांबून बघणारा माणूस, पण त्या वेळी मला बघवलं नाही. मी तोंड फिरवलं.

तेव्हापासून पायरी ही काकूंची जागा झाली. कुठेही गेल्या की थेट पायरी गाठायच्या, आणि जिला हवं असेल ती आतून उठून त्यांच्याकडे यायची. मग काय, काकू घरं पायरीवरून पारखायला लागल्या. "ह्यांची पायरी बराबर हाय." "त्यांची मार्बलची, लई गार लागती." गल्लीच्या टोकाला एकाने नवा बंगला बांधला, त्याला पायरीच नव्हती, गाडी आत चढावी म्हणून नुसता उतार. वास्तुशांतीच्या दिवशी, पुरणपोळीचं जेवण चालू असताना काकूंनी यजमानाला विचारलं, "ह्या घरात कुणी गेलं तर मी बसू कुठं?" यजमानाचा घास हातातच राहिला. आम्ही पोट धरून हसलो ते घरी आल्यावर.

गुडघ्याचं ऑपरेशन करू का, असं विचारायला त्यांच्याकडे बायका यायच्या. काकू कुणाला कर म्हणाल्या नाहीत, करू नको असंही म्हणाल्या नाहीत. "दुखणं जातं, माझं गेलं. पण डॉक्टरला आधी इचार, खाली बसता येईल का. मंग सही कर." लांबच्या कुंभार पिंपळगावची एखादी म्हातारी माझ्या टेबलावर झोपून हाच प्रश्न विचारायची, तेव्हा तिला कुणी पाठवलं हे मला विचारावं लागायचं नाही.

गेल्या हिवाळ्यात काकू गेल्या. गुडघ्याचा काही संबंध नव्हता, सकाळी उठल्याच नाहीत. राख सावडताना तो उजवा सांधा सापडला, काळा पडलेला. मुलाने हातात घेऊन मला विचारलं, "ह्याचं काय करायचं?" गुरुजींनाही माहीत नव्हतं. अखेर अस्थींबरोबरच तो गोदावरीत सोडला. मला त्यांची आठवण येते, हे सांगायला हरकत नाही.

नंतरचे दिवस मुलगा घरात बसून होता. येणारे जाणारे विचारत, "कसं झालं? अटॅक का?" तो प्रत्येकाला तेच ते सांगत होता. आत सतरंजी बरीच मोकळी होती. बायका येत होत्या, त्या पायरीवर बसत होत्या. मुलगा दारात येऊन म्हणाला, "मावशी, आत या ना, सतरंजी टाकलीय."

"असू दे बाबा, इथंच बरं हाय," त्यांतली एक म्हणाली.

एका दुपारी आतली गर्दी ओसरल्यावर तो बाहेर आला. पायरीवर तेव्हा सरांची बायको एकटीच होती, शेजारी चहाची किटली. तो जरा घुटमळला आणि मग म्हणाला, "मी आईला आधी सांगायला पाहिजे होतं."

तिने काही विचारलं नाही. थोडी सरकली आणि त्याला जागा करून दिली.